रथसप्तमीचा गोल

गुरुवार होता, त्यामुळे सकाळी सातलाच वीज गेलेली. माझे हात कणकेत होते, सृष्टीची एक वेणी घालून झाली होती आणि दुसरी व्हायची होती. माधव हिंजवडीची बस गाठायची म्हणून एकाच रंगाचे दोन मोजे शोधत होता. बेल वाजणार नव्हतीच. कुणीतरी दारावर थाप मारली.

"दूधवाला असेल," माधव आतून म्हणाला.

"दूधवाला साडेपाचला येऊन गेला. तेव्हा आपण झोपला होतात."

दारात मालनबाई उभ्या होत्या. माझ्या जुन्या कॉलेजात, जिमखान्यात सेविका आहेत. अंगावर कॉलेजची निळी साडी, खांद्याला पर्स आणि हातात प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळलेले कागद. हडपसरहून कोथरूडला यायचं तर दोन बस कराव्या लागतात. म्हणजे त्या सहाच्या आधीच घरातून निघाल्या असणार. दर वर्षी फेब्रुवारीत मैदानावर आमची गाठ पडते, पण इतक्या वर्षांत त्या माझ्या घरी कधी आल्या नव्हत्या.

"कामाच्या वेळेला आले ताई, रागावू नका," त्या चपला काढत म्हणाल्या. "पण ही कागदं आज दुपारी छापायला जानार म्हनं."

कागद माझ्याच हातचे होते. आमच्या कॉलेजात मुलींची आंतरमहाविद्यालयीन फुटबॉल स्पर्धा होते. २००८ची ही पंधरावी. हडपसरची एक सॉफ्टवेअर कंपनी दोन वर्षांपासून तिच्या मागे उभी आहे. यंदा कंपनीच्या मनात आलं की एक स्मरणिका काढावी, आणि उद्घाटनाला, म्हणजे परवा शनिवारी, स्पर्धेतला पहिला गोल करणाऱ्या खेळाडूचा सत्कार करावा. लिहायचं काम माझ्याकडे आलं. "तू घरीच असतेस ना," असं कारण मिळालं. कंपनीतली नम्रता नावाची मुलगी रोज फोन करून सांगायची, "मॅडम, हिस्टरी थोडी इन्स्पायरिंग हवी हं." तपासायचा खर्डा मी दोन दिवसांपूर्वी जिमखान्यात ठेवून आले होते.

मालनबाईंनी चौथं पान काढून ओट्यावर ठेवलं आणि एका ओळीवर बोट टेकलं. 'स्पर्धेतील पहिला गोल (१९९४) : मंदाकिनी आगाशे.'

"हे," त्या म्हणाल्या.

 तो गोल मालनबाईंनी केला होता. मला ते माहीत आहे, कारण त्या दिवशी गुणलेखनाच्या टेबलाशी मी बसले होते आणि मंदाकिनीचं नाव मीच लिहिलं होतं. आता ते छापून पक्कं होणार होतं. दुपारी बारापर्यंत ते खोडायचं किंवा ठेवायचं, एवढं माझ्या हातात होतं.

"तुम्ही पोरीची वेणी घाला," मालनबाईंनी पदर खोचला. "पोळ्या मी लाटते. बोलता बोलता व्हईल."

मालनबाई मूळच्या लोणी काळभोरच्या. वडील रंगराव रेल्वेच्या फाटकावर होते. गाडी यायच्या वेळा त्यांच्या घरात घड्याळाआधी पाठ असत. नववीपर्यंत शाळा झाली, अठराव्या वर्षी हडपसरच्या सर्जेरावांशी लग्न झालं. सर्जेराव एका कारखान्यात. ब्याण्णव साली कारखान्यात नवी यंत्रं आली आणि तिसरी पाळी बंद झाली. सर्जेराव दोन वर्षं घरी बसले आणि मालनबाई बाहेर पडल्या. कुणाच्या तरी ओळखीने आमच्या मुलींच्या कॉलेजात जिमखाना झाडायचं काम मिळालं, तात्पुरतं. तेव्हा त्या पंचवीस वर्षांच्या होत्या. आम्ही एकोणीस-वीसच्या पोरी त्यांना मावशी म्हणायचो. कॉलेजात झाडू हातात असला की बाई मावशी होते, तिचं वय कुणी विचारत नाही.

झाडण्याबरोबर आणखी कामं चिकटत गेली. चेंडूत हवा भरायची. मैदानावर फक्की मारायची, म्हणजे चुन्याच्या पांढऱ्या रेघा आखायच्या. आणि खेळताना बाहेर गेलेला चेंडू आणून द्यायचा. आमचं मैदान विहिरीच्या बाजूला उतरतं, त्यामुळे सगळे चेंडू तिकडेच पळायचे. पहिला महिनाभर मालनबाई पदर सावरत खाली वाकून चेंडू उचलत, चालत येऊन हातात देत. मग त्यांना कंटाळा आला. त्या तिथूनच पायाने चेंडू मारू लागल्या. साडी घोट्याच्या वर जराशी धरायची आणि पायाच्या आतल्या बाजूने ढकलायचा. चढावर चेंडू कुठे अडतो, कुठे वळतो, हे त्यांना आमच्यापेक्षा चांगलं कळायला लागलं. आमचे सर त्यावर एकदा म्हणालेही, "मालनबाईंचा पास बघा आणि तुमचे बघा. लाज वाटू द्या जरा."

ते खळदकर सर. जिमखाना त्यांच्याकडे होता. आमच्याकडे मुलींचा फुटबॉल म्हणजे हौशी बारा पोरींचा मामला. सरांच्या डोक्यात आलं की स्पर्धा घ्यायची. क्रीडा मंडळाने मान्यता दिली, पण अट घातली की किमान चार संघ मैदानात उतरले पाहिजेत, नाहीतर पुढच्या वर्षीपासून बंद. सरांनी सायकलवरून कॉलेजं पालथी घातली आणि तीन संघ मिळवले. चौथा आमचा. मग सरांनी परीक्षांचं वेळापत्रक बघितलं, मैदान मोकळं बघितलं आणि तारीख ठरवली. एक गोष्ट तेवढी बघायची राहिली.

त्या दिवशी रथसप्तमी होती.

संक्रांतीपासून चाललेल्या हळदीकुंकवाचा शेवटचा दिवस. पुण्यात ज्या घरांचं राहिलेलं असतं, ती सगळी घरं त्या दिवशी उरकून घेतात. संघातल्या बारा जणींपैकी पाच जणींना आयांनी घरी ठेवून घेतलं. कुणाला तिळगूळ भरायचा होता, कुणाला वाणाच्या वाट्या पुसायच्या होत्या. सहावी मंदाकिनी. दिवस चांगला म्हणून तिच्या वडिलांनी त्याच दुपारी चारला मुलाकडच्यांना बघायला बोलावलं होतं. राहिल्या सहा. नियम असा, की सातपेक्षा कमी मुली असतील तर संघ उतरवता येत नाही.

सामनाही चारचाच. समोरचा संघ आलेला, पंच आलेले, क्रीडा मंडळाचे एक गृहस्थ खुर्चीवर बसून उसाचा रस पीत होते. खळदकर सर जिमखान्याच्या दारात उभे राहिले. आत मालनबाई कुणाच्या तरी बुटाची नाडी गाठ मारून जोडत होत्या.

"मालनबाई," सर म्हणाले, "जर्सी घाला."

"कुनाची?"

"आगाशेची. तिचे बूट पण आहेत. बघता काय? सात नंबर."

"सर, मला नवरा हाय. पोरगं हाय."

"त्यांना नाही बोलावत मी. तुम्ही नुसत्या उभ्या राहा. एका जागी."

पंचांनी पात्रता अर्ज तपासले. अर्जावर पासपोर्ट आकाराचा फोटो. मधोमध भांग, दोन वेण्या, गंभीर चेहरा. त्या काळातल्या त्या फोटोत आम्ही सगळ्याच एकमेकींसारख्या दिसायचो. मालनबाईंनी मंगळसूत्र काढून माझ्या हातात दिलं. सत्तावीस वर्षांच्या बाई, पण दोन वेण्या घातल्यावर पंचांनी दुसऱ्यांदा बघितलंसुद्धा नाही. माझा पाय मुरगळलेला, म्हणून मी गुणलेखनाच्या टेबलाशी बसले होते, समोर कोरा कागद.

मालनबाई पहिली पंधरा मिनिटं खरंच एका जागी उभ्या राहिल्या. विहिरीच्या बाजूला, जिथे त्या रोज उभ्या राहायच्या. मग चेंडू सवयीने तिकडे घरंगळला. समोरच्या पोरींना वाटलं तो बाहेर जाईल, त्या थांबल्या. मालनबाईंना माहीत होतं की तिथे एक उंचवटा आहे आणि चेंडू तिथे अडतो. त्या दोन पावलं चालल्या, डाव्या हाताने साडी वर धरायला गेल्या, साडी नव्हती, आणि त्यांनी रोजच्यासारखा चेंडू आत पाठवून दिला. बस्, परत द्यायचा म्हणून. तो चढ चढून, गोलकीपरच्या डाव्या अंगाने आत गेला. मागे व्हॉलीबॉलचं जुनं नेट बांधलेलं होतं, त्यात जाऊन अडकला.

कुणालाच काही कळलं नाही. मालनबाई पळत जाऊन तो नेटमधून सोडवायला लागल्या. पंच ओरडले, "अहो, सात नंबर, तो गोल आहे! मागे फिरा!"

आम्ही तो सामना चार-एकने हरलो. पण चार संघ मैदानात उतरले होते. रस पिणाऱ्या गृहस्थांनी कागदावर सही केली, स्पर्धा जगली. आणि गुणपत्रिकेत मी लिहिलं, सात नंबर, आगाशे. सरांनी आपल्या खर्चाने एक प्रमाणपत्र छापून घेतलं होतं, पहिल्या गोलचं. ते मंदाकिनीला मिळालं.

ती दुसऱ्या दिवशी कॉलेजात आली तेव्हा म्हणाली, "अय्या! माझ्या नावावर गोल? मी तर कांदेपोहे देत होते." आम्ही सगळ्या हसलो. मालनबाईही हसल्या. त्या वेळी ते हसण्यासारखंच होतं.

मंदाकिनीचं लग्न त्याच मुलाशी झालं. ती आता बँकेत आहे, आमच्यापासून दोन गल्ल्या सोडून राहते. तिच्या सासऱ्यांनी कागदपत्रांच्या फायलीतून ते प्रमाणपत्र काढलं, चौकट केली आणि हॉलमध्ये लावलं. आल्यागेल्याला दाखवतात, "आमची सून फुटबॉलपटू." प्रमाणपत्रावर तारीख आहे. त्या तारखेला दुपारी चार वाजता हेच सासरे तिच्या हातचे पोहे खात होते. चौदा वर्षांत त्या घरात कुणी तो ताळा केलेला नाही.

मालनबाईंनी त्या संध्याकाळी घरी जाऊन सर्जेरावांना सांगितलं होतं. सर्जेराव काम नसल्याने आधीच चिडलेले. ते म्हणाले, "पँट घालून पळालीस व्हय लोकांसमोर?" त्यानंतर मालनबाईंनी कुणालाच सांगितलं नाही. त्यांचा मुलगा तेजस आता मगरपट्ट्यात कॉल सेंटरला आहे, त्यालाही माहीत नाही.

स्पर्धा मात्र वाढत गेली. आणि तिच्या वाढण्यात मालनबाईंचा हात किती, हे मी स्मरणिकेत लिहिलेलं नाही, कारण तसा रकाना नव्हता. दुसऱ्या वर्षी खळदकर सर तारीख ठरवायच्या आधी भिंतीवरचं कॅलेंडर काढून मालनबाईंपुढे घेऊन आले. मालनबाईंनी एकेक दिवस खोडला. हा हळदीकुंकवाचा, ही महाशिवरात्र, पोरी उपाशी पळतील, हा सायन्सवाल्यांच्या प्रॅक्टिकलचा, या दिवशी लग्नाची तीथ लई दाट हाय. जो दिवस उरला तो स्पर्धेचा. तेव्हापासून तीच रीत पडली. त्या वर्षी सहा संघ आले, सगळे पूर्ण. सर निवृत्त झाले, नंतर दोन सर आले, एक मॅडम आल्या. कॅलेंडर मात्र मालनबाईंपुढेच जातं.

जिमखान्यात त्यांची एक पत्र्याची पेटी आहे. तिच्यात पट्ट्या, आयोडीन, सेफ्टी पिना, नाड्या, आणि तळाशी वर्तमानपत्रात गुंडाळलेली मुलींच्या अडचणीची पाकिटं. सरांना त्या पेटीचं कुलूप कधी उघडायला सांगावं लागलं नाही. नव्याण्णव साली इंजिनिअरिंगच्या मुली पहिल्यांदा आल्या, नडगीला पॅड बांधून, पाण्याच्या रंगीत बाटल्या घेऊन. आमच्या मुली त्यांच्याकडे बघत राहिल्या. मालनबाईंनी दुसऱ्या दिवशी जुन्या पुठ्ठ्यांचे बारा जोड कापून आणले आणि मोज्यांत खुपसायला दिले. त्याच वर्षी त्या नोकरीत कायम झाल्या. पुढे मोबाइल आले, तेव्हा सामना चालू असताना ते कुठे ठेवायचे हा प्रश्न पडला. मालनबाई पदर पसरून बसायच्या, प्रत्येक फोनला रबराने चिठ्ठी बांधलेली. एका उपांत्य सामन्यात त्यांच्या मांडीवर बावीस फोन होते आणि त्यातले नऊ एकदम वाजले. त्यांनी एक उचलला आणि म्हणाल्या, "ती बॉलमागं पळतीया. मागनं करा."

पोळ्या होत आल्या होत्या. माधव डबा घेऊन निघून गेला. सृष्टी दोन्ही वेण्यांसकट शाळेच्या रिक्षात बसली. मी चहा ठेवला आणि खर्ड्याचं चौथं पान पुढे ओढलं.

"मालनबाई, मी हे नाव काढते," मी म्हणाले. "बारापर्यंत वेळ आहे. खरं काय ते लिहिते. नाहीतर 'एक खेळाडू' एवढंच लिहिते. त्या नम्रताला मी सांगेन."

"आन् मंदाताईंना कोन सांगंल?"

"मीच सांगेन. तिला माहीतच आहे की."

"त्यांना माहीत हाय. त्यांच्या पोरीला न्हाई." मालनबाईंनी पोळपाट धुवायला घेतला. मी नको म्हटलं तरी धुतला. "ती स्पृहा. बारा वर्साची. दर रविवारी येती की आपल्या मैदानावर, शिबिराला. मला येऊन म्हनली, मावशी, माझ्या आईनं इथं पहिला गोल मारला, माहितीये का तुम्हाला? म्हनलं, माहीत हाय तर. म्हनली, कुठनं मारला? मी जागा दाखवली. आता ती दर येळंला तिथनंच मारती."

"जातो का आत?"

"धा येळा मारला तर तीनदा जातो. पाय चांगलं हायत पोरीचं." पोळपाट उलटा टेकवत त्या म्हणाल्या, "मंदाताईंपेक्षा लई चांगलं."

मला हसू आलं. त्या हसल्या नाहीत.

"आन् दुसरं," त्या म्हणाल्या. "चार संघ पुरं झालं म्हनून स्पर्धा राहिली. मी पोरगी नव्हते कॉलेजातली. मग तीनच झालं. खळदकर सर गेले, आता त्यांच्या नावानं कुनी बोट दाखवलेलं मला चालायचं न्हाई. त्यांनी कुनासाठी केलं? स्वतःच्या पोरीसाठी न्हाई केलं."

"पण तुम्हाला काय वाटतं?" मी विचारलं. प्रश्न मला स्वतःलाच जरा उशिरा विचारल्यासारखा वाटला.

मालनबाईंनी कप हातात घेतला, बशीत चहा ओतला आणि निवू दिला.

"ताई, चौदा वर्सं मला काय वाटलं न्हाई. खोटं कशाला सांगू? कुनी मंदाताईंचं नाव घ्यायचं, मी फक्की मारत असायची. मला वाटायचं, असू दे, बॉलला माहीत हाय." त्या चहा प्यायल्या. "पण परवा वाचलं ना, तवा हातातला झाडू खाली ठिवला. छापलेलं वेगळंच दिसतं. मी दोनदा वाचलं. मग घरी जाऊन तेजसला म्हननार हुते, वाच रे हे. न्हाई म्हनले."

"मग काढूया ना."

"न्हाई. राहू द्या. मी त्यासाठी आलेच न्हाई."

 सहाच्या आधी घर सोडून, दोन बस बदलून, कामावर खाडा पडेल हे माहीत असून ही बाई चौथ्या पानावर बोट ठेवायला आली, आणि ते पान तसंच राहू द्या म्हणते. मला वाटलं पैशाचं काही असेल, किंवा तेजसच्या नोकरीचं. पुण्यात सकाळी सकाळी कुणी दारात आलं की आपल्याला तेवढंच सुचतं.

मालनबाईंनी पिशवीतून दुसरा कागद काढला. शनिवारच्या उद्घाटनाची कामांची यादी. तीही मीच केलेली होती, माजी विद्यार्थिनींच्या वतीने, संगणकावर, रेघा मारून. दीपप्रज्वलन कोण, स्वागतगीत कोण, खुर्च्या कोण, पाणी कोण. दहाव्या ओळीत लिहिलं होतं, 'श्रीमती मंदाकिनी यांचा सत्कार : शाल, श्रीफळ. तबक धरणे : मालनबाई.'

मी ते लिहिताना काही विचार केला नव्हता. कॉलेजच्या प्रत्येक कार्यक्रमात तबक त्याच धरतात. हात थरथरत नाहीत, नारळ गडगडत नाही, पाहुण्यांच्या डाव्या बाजूला नेमक्या किती अंतरावर उभं राहायचं ते त्यांना ठाऊक आहे. सवयीने हात गेला आणि मी त्यांचं नाव लिहिलं.

"सत्कार होऊ द्या," मालनबाई म्हणाल्या. "मंदाताईंना शाल मिळू द्या, पोरीला टाळ्या वाजवू द्या. मी टाळ्या वाजवीन. खुर्च्या लावीन, पानी देईन, फक्की तर मीच मारनार हाय. शनिवारी सकाळी पाचला येते मी."

त्यांनी बशी खाली ठेवली.

"फक्त तेवढ्या वेळेला तबक माझ्या हातात देऊ नका, ताई. दुसऱ्या कुनाच्या हातात द्या."